धुतलेले आकडे

पास्कूअंकल नसते तर मी कॅनडात, हॅमिल्टनमध्ये, सहा महिनेही टिकले नसते. हे आधी लिहून टाकते. पुढचं लिहिताना मध्येच कागद बाजूला पडला, तर निदान एवढं तरी लिहिलेलं राहील.

अंकल मूळचे वसईचे. युनिव्हर्सिटीच्या बेसमेंटमध्ये दगडमातीत अडकलेली जुनी हाडं मोकळी करण्याचं त्यांचं काम. आमची मराठी मंडळी त्यांना ‘हाडांचा पास्कू’ म्हणायची. एकदा पॉटलकला, सगळे घरून एकेक पदार्थ घेऊन जमले होते तेव्हा, कुणा इंजिनियरने छेडलं, “काय पास्कू, आयुष्यभर हाडंच घासणार का?” अंकल पुलाव वाढून घेत म्हणाले, “तुमचं सॉफ्टवेअर दोन वर्षांत जुनं होतं. माझं गिऱ्हाईक आधीच जुनं आहे, मला कसली काळजी?”

मी आठवीतून शाळा सोडलेली, त्याच इमारतीत सफाईला. माझ्या वर्क परमिटवर एकाच कंत्राटदाराचं नाव होतं. नोकरी गेली की परतीचं विमान. त्यामुळे कुणी नुसतं “एक्सक्यूज मी” म्हटलं तरी मी आधी ‘सॉरी’ म्हणून बाजूला व्हायचे. अंकलनी पहिल्याच आठवड्यात मला आत बोलावून चहा दिला. “बस गे बाय. इथले सगळे मेलेले आहेत, कुणी तक्रार करत नाही.”

त्यांच्या टेबलावर तेव्हा ग्लिप्टोडॉन होता. कधीच नामशेष झालेला, छोट्या मोटारीएवढा प्राणी; त्याची हाडं फार पूर्वी अर्जेंटिनाहून खोक्यांतून आलेली. भिंतीवरचं त्याचं चित्र बघून मी म्हटलं, “केवढं कासव!” अंकल दुखावलेच. “कासव नव्हे. आर्माडिलो म्हणून कवचवाला प्राणी असतो, त्याचा चुलता. पाठीवर बघ, एकसंध कवच नाही, हाडाच्या खापऱ्या जोडल्यात. हजारावर.” प्रत्येक खापरीवर फुलासारखी नक्षी. दातांच्या डॉक्टरकडे असतं तसल्या टोकदार हत्याराने ते एकेक खापरी मातीतून सोडवायचे, मागच्या बाजूला काळ्या शाईने आकडा घालायचे, तोच आकडा नकाशावर लिहायचे. शाई वाळली की वर वार्निशचा हात, म्हणजे आकडा पाण्याने जात नाही. “आकडा गेला की हा प्राणी नाही, फरशांचा ढीग,” असं ते म्हणायचे. मी मान डोलवायचे. अर्धं लक्ष घड्याळाकडे.

त्या फेब्रुवारीत त्यांनी तीन दुपारी स्वतःचं जेवण बाजूला ठेवून माझा पीआरचा, म्हणजे इथे कायमचं राहण्याचा, फॉर्म भरला. मला वाटायचं, या माणसासाठी मी काय करू? शनिवारी सकाळी ओव्हरटाइमला आले तर टेबलावर दोन ट्रे, धुळीने माखलेले. साबण, गरम पाणी, ब्रश. घरी पितळेची भांडी घासतात तशा मी त्या खापऱ्या घासल्या. पेपर टॉवेलवर वाळवल्या. वर लहान-मोठ्या बघून रांगा लावून ठेवल्या. शुक्रवारी वार्निश संपल्याने या दोन ट्रेंना ते लागलंच नव्हतं, हे मला कुठून ठाऊक?

सोमवारी अंकल टेबलापाशी उभे राहिले ते उभेच. एक खापरी उलटी केली, मग दुसरी.

“पाणी गरम होतं?”

“हो अंकल.”

“छान लख्ख झाल्यात,” ते म्हणाले आणि स्टुलावर बसले.

प्रोफेसर आले तेव्हा मी कोपऱ्यात मॉप पिळत होते. अंकल त्यांना इंग्रजीत म्हणाले, “मीच तिला धुवायला सांगितलं. वार्निश झालंय असं मला वाटलं.” प्रोफेसर ओरडले नाहीत. “बावीस वर्षांनंतर, पास्कल?” एवढंच म्हणाले. तेवढं इंग्रजी मला कळत होतं. मी मॉप पिळतच राहिले. त्यात पाणी उरलं नव्हतं.

नंतर मी रडले तर अंकल चिडले. “मला काढलं तर मुलीकडे हॅलिफॅक्सला जाईन. तुला काढलं तर कुठे जाशील?” उन्हाळ्यात त्यांचं कंत्राट पुढे वाढवलं नाही. केक नाही, भाषण नाही. चहाचा मग आणि त्यांची हत्यारं असलेलं खोकं मी बसस्टॉपपर्यंत उचललं.

आज तो ग्लिप्टोडॉन काचेमागे उभा आहे. एक बाजू खरी, दुसरीवर माझ्या दोन ट्रेंच्या जागी रंगवलेलं प्लास्टर. पाटीवर प्रोफेसरांचं नाव. मुलं काचेला नाक लावून “जायंट टर्टल!” ओरडतात. ती काच मीच पुसते.

माझे दोन ट्रे खणात पडून आहेत. नव्या टेक्निशियनच्या परवानगीने लंचमध्ये मी कडेला कड लावून बघते. अंकल फोनवर विचारतात, “किती जुळल्या?” मी म्हणते, “एकोणीस.” “हळूहळू कर, त्याला कुठे जायचंय?” ते हसतात. प्रोफेसरांना सांगितलंस का, हे मात्र त्यांनी आजवर एकदाही विचारलेलं नाही. विचारलं असतं तर बरं झालं असतं.

अंकल, पीआर झालं, सिटिझनशिप झाली. आता घाबरायला एकही कागद उरलेला नाही, तरी घाबरते. प्रोफेसर पुढच्या वर्षी रिटायर होतायत. त्याआधी मी त्यांचं दार वाजवीन आणि त्या खापऱ्या कुणी आपल्या मनाने धुतल्या, ते माझ्या तोंडाने सांगेन. त्या पाटीवर तुमचं नाव लिहायला लावीन, आणि त्याचा फोटो घेऊन हॅलिफॅक्सला येईन. नक्की येईन, अंकल.