उरलेल्या सहाव्याची पाळी

आमच्या सामाईक विहिरीबद्दल घरात कुणी तोंड उघडत नाही, म्हणून तर एवढे किस्से साचलेत. मी शाळा सोडलेला माणूस, मला कुणाची भीड नाही. सांगतो.

खर्ड्याच्या अलीकडं आमची वस्ती. विहिरीत थोरले चुलते आप्पा यांचं अर्धं, आमचा तिसरा हिस्सा. तीन दिवस त्यांची मोटर, दोन दिवस आमची. सहाव्या दिवशी दोन्ही बंद. "विहिरीला इसावा," आप्पा म्हणतात.

*

पाचवीत गुरुजींनी फळ्यावर एक छेद दोन अधिक एक छेद तीन लिहिलं. पोरांनी वरचे वर, खालचे खाली मिळवले. दोन छेद पाच. मी विहीर आठवली. सगळ्याचे सारखे सहा भाग करायचे. त्यांचे तीन, आमचे दोन, झाले पाच.

"बरोबर," गुरुजी म्हणाले.

"मग उरलेला एक कुणाचा?"

गुरुजी आमच्याच भावकीतले. त्यांनी डस्टर घेतलं, गणित पुसलं. "हे परीक्षेला येत न्हाई."

*

तेच आप्पांना विचारलं. कानाखाली बसली. उत्तर नसलं की मोठी माणसं हात वापरतात.

आई भाकरी थापताना हळूच बोलली, "तुझ्या आत्याचा. अक्काचा. समद्यांनी हक्कसोडीवर सही मागितली, तिनं दिली न्हाई."

"मग गेली कुठं?"

वडील सांगतात पुण्याला. आप्पा सांगतात तापानं गेली. आई विसाव्याच्या दिवशी विहिरीच्या कठड्यावर भाकरी ठेवून येते.

*

एकदा विसाव्याच्या दिवशी विहिरीत डोकावलो. मोटरी बंद, तरी पाणी माझ्या डोळ्यांदेखत खाली चाललेलं. दगडावर हातभर ताजी ओल.

"झिरपत आसंल," वडील म्हणाले.

"बाकीचे पाच दिवस का झिरपत नाही?"

"जेव गप."

*

यंदा माझ्या लिंबांनी माना टाकल्या. शाळा सोडून लावलेली बाग, दुसरं माझ्याकडं काहीच नाही. आमच्या पाळीपर्यंत ती टिकली नसती. विसाव्याच्या दिवशी भर दुपारी मी बटन दाबलं.

मोटर चालू. पाणी भराभर खाली चाललंय. पाइप कोरडा.

आप्पा धावत आले. मी गाल सावरला. पण त्यांनी चपला काढल्या आणि कठड्यावरून आत वाकले.

"अक्के, माझ्या अर्ध्यातलं घे. पोराचं सोड."

पाइप थरथरला. लिंबाच्या आळ्यात पाणी पडलं.

"बघतो काय? भर आळी," आप्पा म्हणाले. "अन् झालं की तिला सांगून बटन बंद कर."