आमचे साडू आणि दहाचा सामना

बेसबॉलचा सामना रेडिओवर कसा ऐकावा हे या पृथ्वीतलावर एकाच माणसाला कळतं, आणि तो माणूस माझा साडू आहे. हे मी म्हणत नाही, ते स्वतःच म्हणतात. समोरासमोर आम्ही एकमेकांना अरे-तुरे करतो, चुकून एकमेकांचे टॉवेलही वापरून झालेत. पण माणसाची पाठ वळली की 'साडू' या शब्दाला आदरार्थी बहुवचन आपोआप चिकटतं. ऑस्ट्रेलियात येण्याआधी साडू दोन वर्षं अमेरिकेत प्रोजेक्टवर होते. तिथल्या गावातून त्यांनी तीन गोष्टी आणल्या: एक निळी टोपी, पोटाचा घेर आणि त्या गावच्या बेसबॉल संघावरची निष्ठा. टोपी विटली, घेर वाढला, निष्ठा मात्र तसूभरही हलली नाही. वास्तविक हा संघ हरतो. अधूनमधून नव्हे, नेमाने हरतो. एकदा मी विचारलं, "अरे, जिंकणारा एखादा संघ का नाही धरत?" तर ते म्हणाले, "तू पुण्याचा आहेस. तुला हरणाऱ्यावर प्रेम करणं जमायचं नाही." पुण्याचा इथे काय संबंध, ते मला अजून कळलेलं नाही.

त्यांची ही विद्या मी इतक्या जवळून पाहिली ती महामारीच्या कृपेने. आमच्या भाड्याच्या घराची मुदत संपली होती आणि बिल्डरच्या म्हणण्याप्रमाणे नवं घर बांधून व्हायला पंधरा दिवस उरले होते. तेवढ्यापुरते म्हणून मी, बायको आणि चार सुटकेसेस असे मेलबर्नच्या कडेला वेरिबी उपनगरात मेव्हणीच्या घरी उतरलो. आठवड्याभरात मेलबर्नचा दुसरा लॉकडाउन लागला. घरापासून पाच किलोमीटरच्या पलीकडे जायला बंदी, आणि आमचं बिनछपराचं नवं घर बरोबर सहाव्या किलोमीटरवर. बहिणी-बहिणी खूश होत्या. दोन साडू एका छपराखाली किती दिवस टिकतात, याचा प्रयोग मात्र माझ्यावर झाला.

तिकडे अमेरिकेत संध्याकाळी सामना सुरू झाला की आमच्याकडे दुसऱ्या दिवशीचे सकाळचे दहा वाजलेले असत. पावणेदहापासून साडूंची मांडामांड चाले. सामना फोनवर नेटवरून येई, पण फोनमधून ऐकणं त्यांना मान्य नव्हतं. "फोनमधून येतो तो निरोप. सामना रेडिओतून यायला पाहिजे." म्हणून फोनला एक छोटी डबी जोडायची, त्या डबीने आवाज हवेत सोडायचा आणि दोन फुटांवर ठेवलेल्या जुन्या ट्रान्झिस्टरने तो पकडायचा. मधल्या दोन फुटांत थोडी खरखर मिसळे. ही खरखर त्यांना फार प्रिय होती. आवाज एखाद्या दिवशी स्वच्छ आला, तर ते ट्रान्झिस्टर उचलून फ्रिजजवळ नेत आणि मनासारखी खरखर आली की समाधानाने डोळे मिटत.

दुसरा नियम जागेचा. आपला संघ धावा काढत असताना घरात जो जिथे असेल, त्याने तिथेच राहायचं. एकदा मी मोजे आणायला लाँड्रीत गेलो आणि नेमक्या तीन धावा झाल्या. "हलू नकोस!" साडू ओरडले. पाऊण तास मी वॉशिंग मशीनवर बसून होतो आणि ऑफिसची मीटिंगही तिथूनच केली. संघ मागे पडला की टोपी उलटी करून, म्हणजे अस्तर बाहेर काढून, घालायची हा तिसरा नियम. निळी टोपी एकच असल्यामुळे बाकीच्यांनी मिळेल ती घालायची, आणि माझ्या वाट्याला माकडटोपी आली. ती उलटी घालून मी कॅमेऱ्यासमोर बसलो, तेव्हा माझा मॅनेजर म्हणाला, "कोल्ड मॉर्निंग, मेट?" मी हो म्हटलं. साडूंची दहा वर्षांची लेक हे सगळं जिन्यावरून पाही आणि म्हणे, "बाबा, दिस इज सो एम्बॅरसिंग." पण अस्तर बाहेर काढलेली लोकरीची बीनी तिच्याही डोक्यावर असे.

चौथी गोष्ट मात्र नियमांत बसणारी नव्हती. पहिला चेंडू पडायच्या आधी साडू दुसऱ्या फोनवरून मिरजेला आबांना, म्हणजे आपल्या वडिलांना, फोन लावत. तिकडे पहाटेचे साडेपाच वाजलेले असत. आधीच्या वर्षी साडूंची आई गेली आणि आबा घरात एकटे राहिले. आता विमानं बंद होती, त्यांना इकडे आणायची सोय नव्हती की इकडून कुणाला जायची. आणि पंचाईत अशी की या बापलेकांना एकमेकांशी बोलताच येत नसे. बोलायचं काम इतकी वर्षं आईकडे होतं. ती गेल्यावर फोन असा होई: "जेवलास?" "हो. तुम्ही?" "हो." "ठेवतो." मेव्हणीने एकदा घड्याळ लावलं होतं, चाळीस सेकंदांत आटपला. साडू नंतर फोन हातात धरून खिडकीशी उभे राहत. एका सकाळी बोलायला काहीच सुचेना, म्हणून त्यांनी पाठीमागे लागलेला सामनाच आबांना मराठीत सांगायला घेतला. तो कॉल तीन तास चालला.

आबा मोजणी खात्यातून निवृत्त झालेले. खेळ त्यांना ठाऊक नव्हता, पण मैदानाची मापं त्यांनी पहिल्याच दिवशी मागून घेतली. गडी पळतो त्या दोन टप्प्यांत, म्हणजे बेसांत, नव्वद फूट अंतर, हे त्यांना पटलं. चेंडू टाकणारा साठ फूट सहा इंचांवर उभा असतो, हे पटेना. "वरचे सहा इंच कशाला?" हा प्रश्न त्यांनी आठवडाभर लावून धरला. शेवटी आलेखाच्या कागदावर मैदानाचा नकाशा काढून त्यांनी तो भिंतीला लावला आणि त्यावर तुरीचे दाणे सरकवत सामना ऐकू लागले. साडूंनी सगळा खेळ खो-खो, लंगडी आणि विटीदांडूच्या भाषेत बसवला होता. एकाने टप्पा चोरला असं सांगितल्यावर आबा म्हणाले, "चोरी केली आणि वर टाळ्या?" बाकी त्यांची अपेक्षा माफक होती. गडी फिरत फिरत परत मूळ जागी आला की एक धाव, एवढं त्यांनी ध्यानात ठेवलं होतं आणि दर दहा मिनिटांनी विचारत, "पोचला का घरी?" बहुतेक वेळा साडूंना "नाही पोचला, आबा" असंच सांगावं लागे.

सप्टेंबर संपता संपता त्या वर्षीचा छोटासा हंगामच संपला. आमचा संघ केव्हाच बाद झाला होता. शेवटच्या दिवशी आबांनी विचारलं, "उद्या कितीला?" साडूंनी ट्रान्झिस्टर बंद केला. त्यांच्या चेहऱ्यावर ते चाळीस सेकंद मला स्पष्ट दिसले. मग ते म्हणाले, "नेहमीच्याच वेळेला, आबा." फोन ठेवून ते आमच्याकडे वळले आणि त्यांनी विचारलं, "घरात सूप आहे का?"

दुसऱ्या दिवसापासून वेरिबीच्या त्या घरात बेसबॉलचे सामने होऊ लागले. रेडिओवर नुसती खरखर लावलेली असे. मी सुपात तांदूळ घोळवून प्रेक्षकांचा गलका काढायचा आणि साडूंनी बोट वर केलं की पोळपाटावर लाटणं हाणायचं, तो फटका. अमेरिकेत सामन्याच्या मधेमधे ऑर्गन वाजतो, तो माझी बायको लेकीच्या कीबोर्डवर वाजवी, आणि लेक अस्सल ऑस्ट्रेलियन उच्चारात पंचाचे निर्णय देई. मेव्हणी वाणसामानाच्या यादीमागे धावफलक लिही. मी म्हटलं, "अरे, ही शुद्ध फसवणूक आहे." साडू म्हणाले, "तिकडेही स्टेडियम रिकामंच होतं ना? टाळ्या टेपवरच्याच होत्या. आपल्या निदान तांदळाच्या आहेत." लवकरच खेळाडूंची नावं कमी पडू लागली. मग संघात आलेले नवे खेळाडू म्हणजे आमच्या आसपासचे रस्ते होते. वॉटन टोलवायचा, सिनॉट पळायचा आणि डंकन झेल सोडायचा. पुढे इकडची घड्याळं उन्हाळ्यासाठी एक तास पुढे गेली, तसा दहाचा सामना अकराला आला. अख्खं राज्य आज किती रुग्ण सापडले ते ऐकायला टीव्हीसमोर बसे तेव्हा आम्ही पाच जण सूप, लाटणं आणि कीबोर्ड घेऊन जेवणाच्या टेबलाभोवती बसलेलो असू.

एकच अडचण होती. सामन्याची सूत्रं स्वतःच्या हातात आल्यावर साडूंना आपल्या संघाला हरवणं जमेना. आयुष्यभर उपाशी राहिलेल्या माणसाच्या हाती पंगतीचं वाढप यावं तसं झालं होतं. संघ रोज जिंकू लागला. मी समजावलं, "एखादा तरी हर. कोण विश्वास ठेवेल?" तर म्हणाले, "माझ्या तोंडून? शक्य नाही."

ऑक्टोबरात एक दिवस साडूंना ताप आला आणि ते टेस्टच्या रांगेत गाडी लावून तासन् तास अडकले. घरात सगळ्यांचे चेहरे उतरले. अकरा वाजून गेले आणि मिरजेहून आबांचाच फोन आला. तो मी घेतला.

"आज सामना नाही वाटतं?"

"पाऊस आहे, आबा."

"कुठे? तिकडे की तुमच्याकडे?"

"तिकडे."

"बरं. तांदूळ सुपात घोळवता ते तुम्हीच ना? जरा हळू घोळवा. प्रेक्षक फार जवळ बसल्यासारखे वाटतात."

मी गारच पडलो. म्हटलं, "आबा, तुम्हाला कधी कळलं?"

"अहो, दोन महिने रोज मार खाणारा संघ ओळीने एकवीस सामने जिंकायला लागला तर संशय नको यायला? आणि परवा म्हणाला, चेंडू चारशे साठ फुटांवर धावत जाऊन झेलला. नकाशावर लावून पाहिलं मी. तिथे मैदान नाही, गाड्या लावायची जागा आहे."

मला हसावं की माफी मागावी कळेना.  आबाच म्हणाले, "त्याला सांगू नका. शाळेतून आला की सगळं आईला सांगायचा तो. मी बाहेरच्या खोलीत नकाशे काढत ऐकत असायचो. आत गेलो की गप्प व्हायचा, म्हणून मग जातच नसे. आता मला सांगतो." आणि फोन ठेवता ठेवता, "पण एखादा सामना हरायला सांगा बुवा. फार होतंय."

साडूंची टेस्ट निगेटिव्ह आली. ते उठून बसले, तसा मी पुन्हा आग्रह धरला, आणि कसं कोण जाणे, या वेळी त्यांनी मानलं. डंकनने शेवटचा झेल सोडला आणि संघ एका धावेने हरला. "हरलो, आबा," म्हणून साडूंनी टोपी काढून टेबलावर ठेवली. स्पीकरवर आबा म्हणाले, "असू दे रे. उद्या बघू." चेहरा लपवायला मी सुपात तोंड घातलं.

सीमा उघडायला आणखी वर्ष गेलं. मधला अख्खा खरा हंगाम साडूंनी फोनवरून सांगितला, आणि तिकडच्या हिवाळ्यात खेळ बंद असे तेव्हाचे सामने आम्ही घडवले. मग वाट मोकळी झाल्यावर एकदाचे साडू मिरजेला गेले. ट्रान्झिस्टर आणि डबी त्यांनी केबिन बॅगेत नेली होती. हंगामाच्या पहिल्या सकाळी बापलेक नकाशासमोर बसले आणि खराखुरा सामना, खरखरीसकट, लागला. त्याच दिवशी मी फोन केला तेव्हा साडू जरा दुखावल्यासारखे वाटले. "पाच मिनिटं ऐकलं त्यांनी," ते सांगत होते, "आणि म्हणाले, तो बंद कर. तू सांग."

"मग?"

"मग काय. सांगितलं."

"जिंकला का?"

"खरा? कुणास ठाऊक. आमचा जिंकला."

आम्ही आता आमच्या घरात राहतो, सहाव्या किलोमीटरवर. डोक्यावर छप्पर आहे, मोजे आणायला लाँड्रीत गेलं तर लगेच परत येता येतं, आणि मीटिंगमध्ये माझ्या डोक्यावर काही नसतं. सकाळी दहाला घर अगदी शांत असतं. परवा मी स्वयंपाकघरात उभा होतो. बायको मागून आली आणि म्हणाली, "तांदूळ निवडून कधीच झालेत. सूप खाली ठेव आता."