वाढदिवसाले कोणाले बोलवू?

पोरीला तिसरीतून काढलं तेव्हा सासरच्यांनी मला वेड्यात काढलं. मोठी जाऊ म्हणाली, "काहून वं, शाळेनं तुमचं काय घोडं मारलं?" मारलं होतं! परीक्षा आली की पोट धरून रडणारी लेक माझी होती, त्यांची नव्हती.

घरी ती खरंच सुधारली. लकडगंजात आमची लाकडाची वखार आहे. तिथे बापासोबत ओंडक्यांना टेप लावून घनफूट शिकली, ट्रकवाल्यांच्या गप्पांतून अर्धा देश शिकली. मी सगळ्याचे व्हिडिओ काढायचे आणि सासरच्या ग्रुपवर टाकायचे. लोकांची तोंडं बंद करायची होती ना! जावेचा अंगठा आला की मला दोन घास जास्त जायचे.

संध्याकाळी बिल्डिंगखाली पोरं लगोरी खेळायची. लेकही जायची, आणि तिच्यामागे फोन घेऊन मी. "थांबा रे, परत रचा. सांगा बरं, मोठी फरशी खालीच काहून ठेवता?" मला वाटायचं, वा, खेळता खेळता काय शिकून राहिले पोरं! सुरुवातीला त्यांनी उत्तरं दिली. मग मी जिन्यात दिसले की खेळच मोडायचा. एक दिवस एक कार्टं ओरडलं, "पळा बे, परीक्षावाली काकू आली!"

मी! परीक्षेपायी पोरीला घरी बसवणारी मी, परीक्षावाली! अंगाचा नुसता तिळपापड झाला. त्याच्या दारात जाऊन मी त्याच्या आईशी कचाकचा भांडले. त्यानंतर आमच्या लेकीला खाली बोलवायला कोणी आलं नाही. काही दिवस ती गॅलरीत उभी राहायची, मग तेही सोडलं. मी म्हटलं, बरंच झालं, वाचन वाढेल. वाढलं. आग लागो त्या वाचनाला.

आता तिला सोळावं लागतंय. परवा मी हौसेनं म्हटलं, "सांबारवड्या करू, केक सीताबर्डीहून आणू. कोणाकोणाले बोलवू, सांग."

तिनं बराच विचार केला. म्हणाली, "तुह्या त्या दोघी मैत्रिणी येतील का? अन् वखारीतले काका?"

"अगं, त्या माझ्या. तुह्या वयाच्या पोरी सांग ना. वरच्या मजल्यावरची आहे, तिले बोलवू?"

ती घाबरली. खरंच घाबरली, तळहात ड्रेसला पुसायला लागली. वखारीत दाढीवाल्या गिऱ्हाइकांशी बिनधास्त बोलणारी माझी पोर! चिडली असती, मला बोल लावला असता, तर मी भांडून तरी घेतलं असतं. मला भांडता येतं. पण तिनं खुर्ची ओढली, माझ्यासमोर नीट बसली आणि विचारलं, "आई, पोरींशी काय बोलतात वं? तू सांग, मी शिकून घेईन."