लाईट घेतला

गेल्या रविवारी बाबा गेले. पहाटे सुनीचा, माझ्या धाकट्या बहिणीचा फोन आला आणि मी गाडी करून मुंबईहून निघालो. संध्याकाळी जानेफळला पोचलो तेव्हा सगळे माझ्यासाठीच थांबले होते.

सिरियलींत मी काय कामं करतो ते तुम्हाला माहीतच आहे. बावीस वर्षं हवालदार, वकिलाचा कारकून, नवरीचा बाप... आणि कुणी मेलं की चितेपाशी रडणारा. ते काम मला हमखास मिळतं.

गाडीत एकच ठरवलं होतं. आज नाटक नको. बाबा चार वर्षं अंथरुणाला खिळलेले आणि मी दिवाळीला नाहीतर जयंतीला तोंड दाखवणारा... निदान निरोप तरी मुलासारखा द्यायचा, रडू येवो नाहीतर न येवो.

त्रिशरण-पंचशील झालं. मी अग्नी दिला, हात जोडले आणि रडलो. खरंच हो, हुंदके देऊन रडलो. मनात म्हटलं, चला, एवढं तरी आपल्या हातून खरं झालं.

मग शोकसभा. एक पुढारी उठले, बाबांवर दोन वाक्यं बोलले... "साधा माणूस होता" वगैरे. पुढची दहा मिनिटं माझ्यावर! माझ्या सिरियलींची नावं घेतली, तीही चुकीची. अहो, मेलंय कोण?

दुसऱ्या दिवशी सकाळी गावच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर व्हिडिओ आला. कुणीतरी मोबाईलवर काढलेला, अग्नी देतानाचा. सांगायला लाज वाटते, पण पहिल्यांदा मी हेच पाहिलं की मी कसा दिसतोय.

दुसऱ्यांदा पाहिला तेव्हा बाकीचं दिसलं.

शूटिंगला कॅमेरामन ओरडतो, "लाईट घ्या!" म्हणजे उजेड जिकडून येतोय तिकडे तोंड करा. व्हिडिओत मी अग्नी देतो, समोर कुणाचा तरी मोबाईल वर होतो... आणि मी सावकाश वळतो. मावळतीचं ऊन बरोब्बर गालावर येतं तिथे थांबतो, आणि मग रडतो.

बाबा माझ्या मागे जळतायत. मी शेवटपर्यंत त्यांच्याकडे पाठ करून उभा.

मला कुणी वळायला सांगितलं नव्हतं. अंगच वळलं. रडणं खरं होतं, अगदी शपथेवर सांगतो... पण आता माझा मलाच भरवसा वाटत नाही.

सुनी ओट्यापाशी चहा गाळत होती. मी मोबाईल तिच्यापुढे धरला. तिने नीट पाहिलंही नाही.

"मले दिसलं ना तवाच. मी तं बाजूलेच उभी होती."

"मंग बोलली काऊन नाही?"

"काय बोलू? बाबाले सवय होती तुह्या पाठीची. टीव्हीत तेच तं दिसे. म्हनत, सुने, आवाज वाढव, पाठ आली पाह्य माह्या पोराची."

हिरो बोलत असतो तेव्हा त्याच्यासमोरच्या माणसाची नुसती पाठ दिसते. माझं निम्मं काम तेच. एवढी वर्षं वाटायचं की ती पाठ कुणाची आहे हे कुणाच्या बापालाही कळत नसेल... माझ्या बापाला कळत होतं.

मी मोबाईल बंद केला. सुनीने चहा पुढे ठेवला आणि बाबांच्या चादरी धुवायला निघून गेली. तिने चार शिव्या घातल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

सुने, तू हे वाचशील की नाही, माहीत नाही. तुझे उपकार कसे फेडू, कळत नाही. चार वर्षं तू समोर बसून घास भरवलेस... म्हणून बाबांना जाताना आपल्या एका तरी लेकराचा चेहरा दिसला.