प्रकृती उत्तम असल्यामुळे

“प्रकृती उत्तम असल्यामुळे उद्या एक दिवसाची किरकोळ रजा मिळावी, ही विनंती.”

असा अर्ज पहिल्यांदा माझ्या टेबलावर आला तेव्हा मला वाटलं, बाईंचा घाईत शब्द चुकला. मी त्यांना बोलावून घेतलं.

“बाई, प्रकृती उत्तम असल्यामुळे?”

“हो साहेब. एकदम उत्तम आहे.”

“मग रजा कशाला?”

“आजारी पडून घेतलेली रजा आजारच खाऊन टाकतो, साहेब. माझ्या वाट्याला काय येते? बरी आहे तोवर एक दिवस मले तर मिळू द्या.”

बाई अमरावतीकडच्या. लग्न होऊन पुण्यात आल्या, सरकारी कचेरीत लागल्या, पण बोलताना मधेच एखादा ‘मले’ नाहीतर ‘काहून’ निसटायचाच. मी त्या शाखेचा प्रमुख होतो. रजेची कारणं वाचण्यात माझी हयात गेली होती. एका कारकुनाने तर एकच चुलता तीनदा मारला होता आणि तिन्ही वेळा मी तोंडदेखलं हळहळून सही केली होती. खोटं कारण चालत होतं. खऱ्या कारणाने मात्र माझं डोकं फिरलं. सही केली, पण त्याच दिवशी चहाच्या वेळी बाईंचं बारसंही केलं : रजेकर बाई. कचेरी खदाखदा हसली आणि नाव चिकटलं.

ते अजून सुटलेलं नाही. गेल्या महिन्यात आम्हा निवृत्तांचा मेळावा झाला. बाई पुणं सोडून अमरावतीला भावाजवळ राहायला गेल्या, असं कुणीतरी सांगितलं, तर लगेच मागून आवाज आला, “म्हणजे आता रजेकर बाईंची भरपगारी रजा!” सगळे हसले. मी तोंडात जिलबी धरून गप्प बसलो. ते नाव मी ठेवलेलं, तेव्हा ते पुसायचं कामही माझंच. म्हणून हे लिहितो आहे.

पहिली गोष्ट म्हणजे बाई कामचुकार नव्हत्या. त्यांच्या टेबलावर संध्याकाळी कागद उरत नसे. कचेरी सुटली की त्या पर्स उचलून निघत. आम्ही मात्र दिवे लागेपर्यंत बसून राहत असू, कारण साहेब बसलेले असत, आणि साहेब म्हणजे मी. “दमल्या डोक्याने केलेली बेरीज सकाळी ताज्या डोक्याने पुन्हा करावी लागते,” असं त्या म्हणत. माझ्या बेरजा सकाळी कोण पुन्हा करत असे, हे मी इथे सांगत नाही. एका हाताने सह्या आणि दुसऱ्या हाताने डबा, अशी माझी जेवायची पद्धत होती. एकदा बाई फाइल घेऊन आत आल्या, क्षणभर उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, “साहेब, भाजी कोणती आहे हो?” मला खाली बघावं लागलं.

रजेच्या दिवशी बाई करतात तरी काय, याबद्दल कचेरीत बरेच तर्क होते. कुणी म्हणे शिकवण्या घेतात, कुणी म्हणे साड्या विकतात. शेवटी मीच विचारलं.

“काल काय केलंत, बाई?”

“केस धुतले.”

“आणि?”

“वाळेपर्यंत गच्चीत बसले.”

“मग?”

“मग वाळले न्, साहेब.”

आता लिहायला जड जाणारी गोष्ट. अधीक्षकाची जागा निघाली. ज्येष्ठता बाईंची, कामही त्यांचंच चोख. वरच्या साहेबांनी माझं मत विचारलं. मी म्हणालो, “हुशार आहेत, पण कामाची ओढ नाही.” एवढं एक वाक्य पुरलं. जागा मिळाली चुलतेवाल्याला. बाईंनी त्याचे पेढे घेतले, त्याचं अभिनंदन केलं आणि संध्याकाळी माझ्याकडे अर्ज ठेवला. कारण लिहिलं होतं : ‘मन दुखावले आहे. त्याच्याकडे बघायचे आहे.’ मी मान वर न करता सही केली. एका दिवसाआड त्या आल्या त्या पूर्वीसारख्याच, ताठ आणि टवटवीत. आमच्यातला दुसरा कुणी असता तर वर्षभर धुमसत राहिला असता आणि रोज कामावर आला असता.

मी निवृत्त झालो तेव्हा भाषणात सांगितलं गेलं की या माणसाने रजा घेतलेली कुणी पाहिली नाही. मी मान डोलावली. माझी बायको मालती समोरच्या रांगेत बसली होती. ती डोलावत नव्हती.

पुढे मालतीला अर्धांगवायूचा झटका आला. उजवी बाजू गेली, बोलणं अडखळू लागलं. मुलगा परदेशी. बाई ठेवा, माणूस ठेवा, असं तो फोनवर रोज सांगे. मी म्हणे, “माझ्या बायकोचं करायला परकं माणूस कशाला?” तिला उठवणं, पुसणं, भरवणं, व्यायाम देणं, सगळं मी. शेजारी म्हणायचे, आजच्या काळात असा नवरा मिळायचा नाही. ते ऐकून मला अधिकच चेव येई. झोप उडाली, पाठ गेली, मित्र तुटले, पण मी कुठे हललो नाही.

एका दुपारी मी तिला वरणभात भरवत होतो. तिने तोंड फिरवलं. पुन्हा घास पुढे केला, तिने पुन्हा फिरवलं. मी वाटी भिंतीवर भिरकावली. मालती ओरडली नाही. भिंतीवरून भात घसरत होता, त्याच्याकडे ती बघत राहिली. मी माझ्या हाताकडे बघत होतो. आज वाटी होती. उद्या या हातून काय होईल, हे मला सांगता येईना.

त्याच आठवड्यात दारावरची बेल वाजली. रजेकर बाई. मालतीच्या दुखण्याचं कुणाकडून तरी कळलं म्हणून धायरीहून बसने आल्या होत्या. आत आल्या, मालतीचा हात हातात घेऊन बसल्या. मग भिंतीवरच्या पिवळ्या डागाकडे त्यांची नजर गेली.

“काहून साहेब, भिंतीला वरणभात कोणी भरवला?”

मला सांगावंच लागलं. त्यांच्यापुढे खोटं कारण द्यायची मला लाज वाटली. सगळं ऐकून त्या म्हणाल्या, “तुम्ही शेवटची सुट्टी कधी घेतली?”

“बाई, घरात कसली सुट्टी?”

“म्हणून तर वाट्या उडतात. येत्या गुरुवारी मी येते. सकाळी या, असं म्हणू नका, मी माझ्या वेळेने येईन. संध्याकाळपर्यंत तुम्ही बाहेर राहायचं.”

“गुरुवारीच का?”

“गुरुवारी आमच्याकडे नळाला पाणी नसते. घरी थांबून तसंही काय करणार?”

“पण मी जाऊ कुठे?”

“बाप्पा! जन्म पुण्यात काढला तुम्ही आणि विचारता मले?”

गुरुवारी त्या आल्या आणि मी निघालो. फाटकापर्यंत गेलो आणि चष्मा विसरला म्हणून परत आलो. चष्मा डोळ्यांवरच होता. पुन्हा गेलो, गोळ्यांची वेळ सांगायला परत आलो. तिसऱ्यांदा बेल वाजवली तेव्हा दार उघडलंच नाही. आतून आवाज आला, “साहेब घरी नाहीत. संध्याकाळी या.”

चालत स्वारगेटला गेलो. समोर जी बस उभी होती तीत चढलो, खिडकीशी बसलो, आणि हडपसरही यायच्या आत मला गाढ झोप लागली. कंडक्टरने खांदा हलवला. “आजोबा, उठा. लोणी काळभोर आलं. म्होरं गाडी जात न्हाय.” थंडीत पाठीला ऊन लागावं तसं मला ते वाक्य लागलं. उतरलो. एका रसवंतीच्या बाकावर बसून उसाचा रस प्यालो, आल्याचा, लिंबाचा, पुन्हा एक. मी किती कर्तव्यदक्ष नवरा आहे हे तिथे कुणालाही ठाऊक नव्हतं. काय सांगू किती हलकं वाटलं! समोर रस्त्यावर ट्रक जात होते आणि मी उगाचच हसत होतो. रसवंतीवाल्याने विचारलं, “काय नातू झाला का आजोबा?”

परतताना मात्र स्वारगेट जवळ येऊ लागलं तसा मी उठून बसच्या दाराशी जाऊन उभा राहिलो. मालती रडत असेल. पडली असेल. माझी वाट बघून दमली असेल. जिने धापा टाकत चढलो.

आतून हसण्याचा आवाज येत होता. झटक्यानंतर मालतीचं हसू मी ऐकलं नव्हतं, त्यामुळे ते कुणाचं हे कळायला मला क्षण लागला. पलंगावर दोघी भिकार-सावकार खेळत होत्या. मालती डाव्या हाताने पानं टाकत होती. बाईंच्या पुढ्यात एकच पान उरलं होतं आणि सगळी इस्टेट मालतीकडे होती. शेजारच्या ताटलीतला भात संपलेला होता.

मी पलंगाशी टेकलो. “मालती, चुकलो. तुला टाकून दिवसभर बाहेर हिंडलो.”

तिने माझ्याकडे बघितलं. मग एकेक शब्द जुळवत म्हणाली, “बरं… झालं. मलाही… जरा… तुमच्यापासून… सुट्टी मिळाली.”

बाईंनी पदर तोंडाशी धरला. मालतीचं अजून संपलं नव्हतं. तिने पुढचं पान टाकलं, बाईंचं शेवटचं पान ओढून घेतलं आणि मान वर न करता मला म्हणाली,

“पुढच्या गुरुवारी… उशिरा या.”