वच्छलेचा डोळा आणि माझा काकडा

लोक म्हणतात, तुमच्या घरी देव धावून आला. आला असेल. पण तो आला तेव्हा मी घरी नव्हतो, आणि असतो तर दारातूनच परत पाठवला असता. खरं सांगायचं तर चार दिवस आधी मी त्याला खळ्यावरून हाकलूनच लावलं होतं. आमच्या भजनी मंडळात ज्याला-त्याला आपला अनुभव सांगायची हौस असते. मलाही आग्रह होतो. त्यांना गोड शेवटाची गोष्ट हवी असते आणि माझ्याजवळ आहे ती कारल्याची भाजी, म्हणून मी आजवर टाळत आलो. पण न सांगता मनात ठेवलं तर ते आणखी कडू होतं, एवढं आता कळलं आहे.

लाखांदूरच्या बाजूला आमचं गाव. थोडी धानाची शेती, घरात मी आणि माझी बायको वच्छला. मुलगी लग्न होऊन दूर गेलेली. गावात विठ्ठल-रखुमाईचं लहानसं देऊळ आहे आणि कोजागिरीपासून कार्तिकी पुनवेपर्यंत महिनाभर तिथे पहाटेचा काकडा चालतो. त्या महिन्यात वीणा माझ्या गळ्यात असते. बावीस वर्षं होती. वीणेकऱ्याने महिनाभर गावची शीव ओलांडायची नाही, हा आमच्याकडचा नेम. नेम कुणी घातला ते ठाऊक नाही, पण तो पाळण्यात माझ्यासारखा कडक माणूस पंचक्रोशीत नव्हता, आणि हे मला चांगलं ठाऊक होतं. सख्खा मावसभाऊ गेला तेव्हा पवनीला मातीला गेलो नाही. लोकांनी नावं ठेवली नाहीत, उलट वाखाणलं. भक्तीला वाखाणणी लागली की ती दुधासारखी नासते, हे तेव्हा सांगायला कुणी नव्हतं. असतं तरी मी ऐकलं नसतं.

आणखी एक रीत आहे. रोज पहाटे देवाला स्नान घालतो, दूध, दही, मध, तुळस. त्यातलं थोडं थोडं तीर्थ महिनाभर एका तांब्याच्या कळशीत साठवतो आणि पुनवेला काल्याच्या वेळी वाटतो. हे महिन्याचं तीर्थ डोळ्यांना फार गुणाचं, असं माझे वडील म्हणायचे, त्यांचे वडील म्हणायचे, आणि मीही कित्येकांच्या डोळ्यांत ते घातलं आहे. कुणाचे डोळे बरे झाले, कुणाचे झाले नाहीत. बरे झालेले सांगायला आले. बाकीच्यांची मी कधी चौकशी केली नाही.

त्या वर्षी पुनवेच्या नऊ दिवस आधी आमच्या धानाची चुरणी, म्हणजे मळणी, लागली. थ्रेशरजवळ वच्छला पेंढ्या उचलून देत होती. उडालेलं कुसळ तिच्या उजव्या डोळ्यात गेलं. धानाच्या दिवसांत हे रोजचंच. पदराच्या टोकाला फुंकर घालून डोळा शेकायचा आणि पुन्हा कामाला लागायचं. शेजारणीने पदराने काहीतरी काढलंही. पण दुसऱ्या दिवशी डोळा लाल झाला, तिसऱ्या दिवशी पाणी थांबेना. मी देवळात गेलो, कळशीतलं तीर्थ वाटीत घेतलं आणि नाव घेत तिच्या डोळ्यात घातलं. ती कळवळली. मी म्हटलं, "झोंबते म्हंजे गुन येऊन राहिला." सकाळ-संध्याकाळ घालत राहिलो. तीन आठवड्यांचं ते पाणी, त्यावर दह्याची साय धरलेली, वास येत होता. पण तीर्थाचा वास घ्यायचा नसतो, असं आम्ही मानत आलो.

चुरणीला मजुरांचा एक गट आला होता, पवनीकडचा. त्यात इंदूबाई नावाची पन्नाशीची बाई होती. काटक, मोजकं बोलणारी. तिचा डावा डोळा पांढरा होता, उकडलेल्या अंड्यासारखा. वच्छला पदराने तोंड अर्धं झाकून खळ्यावर चहा घेऊन आली, तेव्हा या बाईने पेंढी खाली टाकली, सरळ जवळ येऊन तिचा पदर बाजूला केला आणि सगळ्यांदेखत मला म्हणाली, "भाऊ, बाईच्या डोळ्यात पांढरा ठिपका दिसते. माया डोळा असाच गेला जी. आजच्या आज दवाखान्यात न्या."

मी म्हटलं, "पुनवेले काकडा समाप्त होते. मंग नेतो. तवरी तीर्थ सुरू हाये."

"डोळा पुनवेची वाट नाही पाहात जी."

मजूर बाईने खळ्यावर मला शिकवावं, तेही चारचौघांत! माझं डोकं फिरलं. मी जे बोललो ते लिहायला हात उचलत नाही, पण लिहितो. "तुमच्यात देवधर्म काही नाही, तुमाले तीर्थाचं काय समजते? आपलं काम करा." इंदूबाईचं घर बौद्ध आहे, हे मला ठाऊक होतं, ठाऊक होतं म्हणूनच ते वाक्य तोंडातून निघालं. तिने पेंढी उचलली आणि कामाला लागली. वच्छलेला दवाखान्यात न्यायला दुसरं कुणी नव्हतं असं नाही. शेजारच्या कुणालाही सांगितलं असतं तर त्याने तिला नेलं असतं. मला तेही सुचलं नाही, कारण माझ्या लेखी घाई करणं म्हणजे देवावर संशय घेणं होतं. मनाशी मी त्याला शरणागती म्हणत होतो.

पुढचे चार दिवस तिने काढले. कसे काढले ते मी पाहिलं नाही असं म्हणता येणार नाही. ती अंधाऱ्या खोलीत भिंतीला टेकून बसायची, चूल पेटवताना तोंड फिरवायची. एकदा म्हणाली, "अवो, डोकं फुटून राहिलं जी." मी म्हटलं, "दोनच दिवस राहिले." दुसऱ्याच्या डोळ्यातलं कुसळ दिसतं आणि आपल्यातलं मुसळ दिसत नाही म्हणतात. मला तर बायकोच्या डोळ्यातलं कुसळही दिसलं नाही.

पुनवेला दिंडी गावभर फिरली, दुपारी काला झाला. लोक पाया पडले. मी वाटीत तीर्थ घेऊन घरी आलो तर दाराला बाहेरून कडी. शेजारीण म्हणाली, "तुमाले मालूम नाही? थे कापनीवाली बाई आली होती सकाळीच. वच्छलाबाईले नवाच्या गाडीनं घेऊन गेली." इंदूबाईच्या गटाचं आमच्या गावातलं काम संपलं होतं, तो गट दोन गावं पलीकडे गेला होता. तिथून ती काम टाकून आली होती. मला पहिल्यांदा आला तो राग. देवाच्या दिवशी, न सांगता! आणि मी लगेच निघालोही नाही. काला झाला होता, नेम सुटला होता, शीव मोकळी होती. पण महाप्रसादाच्या पंगती उठायच्या होत्या आणि वाढायला वीणेकरी हवा होता. मी वाढत होतो. संध्याकाळी एका अनोळखी नंबरवरून फोन आला. इंदूबाई बोलत होती. "लाखांदूरच्या दवाखान्यातून भंडाऱ्याले पाठवलं. इथं भरती केली. या." एवढं बोलून तिने फोन ठेवला.

दुसऱ्या दिवशी पहिल्या एसटीने भंडाऱ्याला पोचलो. वच्छला खाटेवर होती, डोळ्यावर पट्टी. इंदूबाई खाली फरशीवर पोत्याची घडी टाकून बसली होती. मला पाहून उठली, घडी काखेत घेतली आणि वच्छलेच्या हातावर हात ठेवून निघून गेली. माझ्याकडे तिने पाहिलंही नाही. पाहिलं असतं तर कुठे पाहावं, हे मला कळलं नसतं.

डॉक्टर तरुण होत्या, थकलेल्या. विचारलं, "डोळ्यात काय घातलं?" मी म्हटलं, "तीर्थ." त्या रागावल्या नाहीत. रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. म्हणाल्या, "कुसळाने जखम झाली, त्यात बुरशी वाढली. या पाण्यानं तिला खतपाणी मिळालं. चार दिवस आधी आणलं असतं तर नजर बरीच वाचली असती. आणखी दोन दिवस उशीर झाला असता तर डोळाच काढावा लागला असता." मग त्यांनी वॉर्डकडे हात केला. सात-आठ खाटा, प्रत्येकीवर कुणीतरी एका डोळ्याला पट्टी बांधलेलं, जवळजवळ सगळेच धानाच्या बांध्यांतून आलेले. "धान निघालं की माझा वॉर्ड भरतो. आणि इथंच नाही, जगात जिथं जिथं शेतात राबणारे गरीब आहेत तिथं असेच डोळे जातात. यातले कितीतरी वाचण्यासारखे असतात हो काका. उशीर झालेला असतो, दुसरं काही नाही." त्या पुढच्या खाटेकडे गेल्या. तिथल्या म्हाताऱ्याच्या डोळ्यात कुणी कांद्याचा रस घातला होता, पलीकडच्या पोरीच्या डोळ्यात अंगारा. मी त्या वॉर्डात उभा राहून पहिल्यांदा हिशोब केला, की बावीस वर्षांत माझ्या वाटीतून किती डोळ्यांत काय गेलं असेल. तो हिशोब अजून लागलेला नाही.

महिनाभर दर तासाला औषधाचे थेंब घातले. डोळा राहिला. बुबुळावर पांढरा पडदा धरला. त्या डोळ्याने वच्छलेला उजेड कळतो, समोरून माणूस गेलं तर सावली कळते. ते माणूस कोण, हे कळत नाही. दान मिळालेलं बुबुळ बसवता येईल, म्हणून नागपूरला नाव लिहून ठेवलं आहे. ज्यांना हवं ते पुष्कळ, देणारे थोडे. मी आयुष्यात कितीतरी तिरड्यांना खांदा दिला आणि डोळ्यांची एकेक चांगली जोडी जाळून आलो, हेही तेव्हाच ध्यानात आलं.

पौषात मी पवनीला गेलो आणि विचारत विचारत इंदूबाईचं गाव गाठलं. वैनगंगेच्या काठावरचं दोन खोल्यांचं घर, भिंतीवर बुद्धाची तसबीर, खाली ताजी फुलं. लुगडं आणि नव्या धानाचे तांदूळ नेले होते. मी पाया पडायला वाकलो तर ती मागे सरकली. "असं नोका करू जी." चहा दिला. मी विचारलं, "मी तुमाले एवढा वाईट बोललो, तरी कायले आल्या?"

"तुमच्यासाठी कोन आलं?" ती म्हणाली. "तिच्यासाठी आली."

मग तिने आपल्या डोळ्याचं सांगितलं. लग्नाला वर्ष झालेलं, दुसऱ्याच्या खळ्यावर चुरणी. मालक म्हणाला होता, चुरणी होऊन जाऊ दे, मग जा. नवऱ्याचाही मालकापुढे उपाय चालला नाही. "आठ दिवस रडली मी. मले वाटे, कोनी येईल. कोनी नाही आलं." हे ती रागाने सांगत नव्हती. लुगडं तिने ठेवून घेतलं, तांदूळ परत दिले, म्हणाली, "आमचे बी पिकले यंदा."

परतीच्या गाडीत माझ्या मनात एकच प्रश्न होता आणि तो अजून आहे. वच्छलेसाठी देवाने इंदूबाईला धाडलं, असं सगळे म्हणतात. मग इंदूबाईसाठी कुणाला धाडलं होतं? त्या मालकाला? मी बावीस वर्षं ज्याच्यापुढे उभा राहिलो त्याला हे विचारून पाहिलं. उत्तर आलं नाही. पण विचारता विचारता एवढं उमगलं, की धाडलेला माणूस खळ्यावर मालक होऊन उभा असतो आणि आपल्याला धाडलंय हे त्यालाच ठाऊक नसतं. तिचा तो मालक आणि मी, आम्ही दोघेही धाडलेलेच होतो. दैव देतं आणि कर्म नेतं, ते असं. आणि जिला मी शरणागती म्हणत होतो ती कसली? स्वतःचा डोळा अर्पण केला असता तर एक वेळ गोष्ट निराळी. मी बायकोचा अर्पण केला होता, तिला न विचारता.

यंदा मी वीणा दुसऱ्याच्या गळ्यात घातली. तीर्थ रोजच्या रोज तुळशीला जातं, साठवत नाही. त्यावरून मंडळात भांडण झालं, होऊ दिलं. गावात कुणाच्या डोळ्यात काही गेलं की मी त्याला हाताला धरून दवाखान्याच्या गाडीत बसवतो. काही जण म्हणतात, मी नास्तिक झालो. मी काकड्याला अजून जातो, मागे दाराशी बसतो.

परवा वच्छला अंगणात तांदूळ निवडत होती, चांगला डोळा सुपाजवळ नेऊन. मी शेजारी बसलो. तिने सहज विचारलं, "थ्या पुनवेले तुमी देवाले मायासाठी काय मांगलं होतं जी?"

खोटं बोलता आलं असतं. मी सांगितलं, "तुयासाठी नव्हतं मांगलं. माया काकड्यात खंड पडू देऊ नोको, एवढंच मांगलं होतं."

तिचा हात सुपात थांबला. माझं मागणं देवाने ऐकलं होतं. खंड पडला नव्हता. देवाने माझं ऐकलं नाही असं म्हणायची सोयदेखील मला उरली नव्हती.

मग ती सूप पाखडत म्हणाली, "आता मांगाल तं माया डोळ्यासाठी मांगा. अन तिच्यासाठी बी मांगा. तिच्यासाठी तं कोनीच मांगलं नाही."

तेव्हापासून रोज हात जोडतो आणि दोन नावं घेतो, आधी इंदूबाईचं, मग वच्छलेचं. स्वतःसाठी काही मागायचं अजून धाडस होत नाही.