एनॉकचा करकरा

एनॉक शटलवर्थच्या गळ्यात सूर म्हणून उरला नव्हता. मागल्या लढाईत फ्रान्सच्या खंदकात विषारी वायूनं त्याची छाती आतून पोळली, तेव्हापासून गाणं बंद. तरी गडी लंडनच्या नाटकगृहांत तगला तो एका लाकडी करकऱ्यावर. दांडा धरून गरगरा फिरवायचा, कर्रर्र आवाज काढायचा, त्या तालावर वेडीवाकडी तंगडी टाकायची. लोक पोट धरून हसायचे.

आता नवी लढाई लागली नि सरकारनं इशाऱ्यासाठी नेमका करकराच उचलला. पहारेकऱ्यानं तो वाजवला की समजायचं, विषारी वायू आला, मुखवटे चढवा. इतरांनी वाजवायचा नाही.

"आता काय वाजवशील? माझं डोस्कं?" बायको हेट्टी म्हणाली.

"शिनेमा हाय की. धा मिन्टांचा. मुखवटा घरी इसरू नका, आसं हसत गात सांगायचं. ह्ये बी गेलं तर तुझ्या भैनीच्या दारात बसायचं."

"तिच्या दारात? त्यापरीस बाँब परवडला."

स्टुडिओत दिग्दर्शक पेलम, कालचं पोरगं, म्हणाला, "करकरा नको हं, शटलवर्थ. नुसतं गा."

एनॉकनं मान डोलावली. पियानो सुरू झाला, ताल कानात शिरला आणि हात आपसूक कोटाखाली गेला. कर्रर्र!

पियानोवालीनं झटक्यात मुखवटा चढवला. दिवेवाले शिडीवरून धपाधप खाली आले. बाहेरच्या पहारेकऱ्यानं ऐकून आपला वाजवला, त्याचा ऐकून पुढच्या गल्लीतल्यानं. मुखवटे चढवून सगळी आळी डुकराच्या थोबाडाची होऊन बसली.

सारं निवळल्यावर पेलमनं मुखवटा ओरबाडला. "निघा तुम्ही!"

"सायेब, गातो की. येकडाव ऐका."

तो गायला. दुसऱ्याच ओळीला खोकल्याची उबळ आली. कमरेत वाकला, डोळे बाहेर आले. दिवेवाले खदाखदा हसले.

"हेच पाहिजे!" पेलम ओरडला. "मुखवटा विसरलेला माणूस! पुन्हा करा."

"सायेब, ह्यो खोकला खराच हाय."

"म्हणूनच तर!"

पुन्हा केलं. आणखी एकदा केलं. मग मात्र मेला खोकला येईचना. एनॉक घसा खरवडून बघत होता, छातीवर बुक्क्या मारत होता. पेलम घड्याळ बघायला लागला.

एनॉक दिवेवाल्याकडं वळला. "दादा, सिगारेट हाय का? कडक?"

डॉक्टरनं सिगारेटला शिवायचं नाही म्हणून बजावलं होतं. त्यानं डोळे मिटून पार बेंबीपातुर झुरका ओढला.

"लावा दिवे," तो म्हणाला. "बिगी बिगी लावा."